सुट्टींतील ज्वालामुखी

दिवाळीच्या सुट्टींत घरांतील मुलांनीं अंगणांत किल्ला करावयाचा, हा आमच्या घरचा शिरस्ता वडिलांच्या वेळेपासूनचा आहे. यंदा वसुबारसेच्या आदल्या दिवशीं सकाळीं पाहतों तों किल्ल्याच्या जागीं एक उंच सुळका उभा. त्याला तट नाहीं, बुरूज नाहीं, दरवाजा नाहीं. माथ्यावर मात्र एक खळगा, आणि त्या खळग्यांत आमच्या सौभाग्यवतींच्या स्वयंपाकघरांतून पळविलेली खाण्याच्या सोड्याची डबी उपडी केलेली. "हा कोणता गड?" असें आम्हीं विचारिलें. "मोठे आजोबा, हा गड नाहीं, ज्वालामुखी आहे," असें उत्तर मिळालें, आणि वरून कुंकू मिसळलेला लिंबाचा रस ओततांच तांबडा फेस उसळून मातीच्या मावळ्यांच्या अंगावरून वाहूं लागला. महाराजांची मूर्ति कोठें बसविणार, अशी पृच्छा आम्हीं केली. तेव्हां ती आधींच सुरक्षित अंतरावर, तुळशीवृंदावनाच्या कट्ट्यावर, नेऊन ठेविली असल्याचें आम्हांस कळविण्यांत आलें. मुलांची ही दूरदृष्टि त्या वेळीं आम्हांस केवळ गमतीची वाटली.

मूळ कल्पना आमच्या पुतण्याच्या कन्येची. ती चौदा वर्षांची आहे. भूगोलाच्या पुस्तकांतील एका आकृतीवरून तिचें कुतूहल जागें झालें आणि तिनें घरांतील सगळ्या लहानांना आपल्या पक्षांत ओढिलें. सणाला आमचें कुटुंब जमतें तेव्हां सोळा पानें पडतात. माणसें सोळा आणि टीव्ही एक; त्यामुळें रात्रीं जेवणें उरकल्यावर काय पाहावयाचें यावरून जो कलह होतो, तो वाचकांच्या घरींहि होत असेल. यंदा पुतण्यानें निवाडा दिला: पांच रात्रीं पांच चित्रपट, सगळे ज्वालामुखीचे, निवड मुलांची, शंकासमाधान काकांकडे. ह्या सदरांत आम्ही एरव्हीं ग्रंथांविषयीं लिहितों, आणि मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या, संस्कृत शिकविण्यांत जन्म घालविलेल्या माणसानें चित्रपटांवर बोलणें हा तसा आगाऊपणाच. तथापि लहानथोरांनीं एकत्र बसून काय पाहावें हा प्रश्न सुट्टींत घरोघर असतो. आणि त्या पांच रात्रींपैकीं एका रात्रीनें आमची झोंप खरोखरच उडविली, म्हणून हा लेख.

पहिल्या रात्रीं चित्रपट सुरू होण्यापूर्वींच धाकट्या नातवानें प्रश्न टाकिला, "आपल्या जूचंद्राला ज्वालामुखी येईल का?" आम्हीं म्हटलें, "येऊन गेला, बाळ. आपण त्याच्यावरच बसलों आहों."

हें थट्टेचें बोलणें नव्हतें. आमच्या ओसरीचें जोतें ज्या काळ्या पाषाणाचें आहे, चंडिकादेवीचें देऊळ ज्या डोंगरावर आहे, पलीकडे तुंगारेश्वराची जी रांग दिसते, तो सारा एके काळचा शिलारस आहे. सुमारें ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीं ह्या दख्खनच्या भूमीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून वितळलेला खडक पुरासारखा पसरत गेला. एक थर निवाला कीं त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. आजहि हे थर सुमारें ५ लाख चौरस किलोमीटर भूमि व्यापून आहेत आणि सह्याद्रींत त्यांची जाडी दोन किलोमीटरांच्या घरांत जाते. भूगर्भशास्त्री ह्या खडकांना 'ट्रॅप' म्हणतात. तो शब्द जिना किंवा पायरी ह्या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आला आहे, आणि घाट चढतांना डोंगराचे टप्पे ज्यानें पाहिले असतील त्याला त्या नांवाचें मर्म सांगावयास नको. ज्या कड्यांवर आमच्या राजांनीं गड बांधिले ते कडे म्हणजे गोठलेल्या शिलारसाच्या पायऱ्या होत. तेव्हां किल्ल्याच्या जागीं ज्वालामुखी करणाऱ्या मुलांनीं परंपरा मोडली असें म्हणतां येत नाहीं. फार तर ती बरीच मागें नेली.

ज्यांना हा शिलारस गोठतांना कसा उभा चिरत जातो हें पाहावयाचें असेल त्यांनीं अंधेरीस गिल्बर्ट हिल पाहावी. सुमारें २०० फूट उंचीचे काळ्या दगडाचे खांब एकमेकांस खेटून उभे आहेत आणि चहूंबाजूंनीं इमारतींनीं त्यांना असें घेरलें आहे कीं, हा डोंगर आपण कोणाच्या तरी आवारांत चुकून शिरलों अशा संकोचानें उभा आहे कीं काय असें वाटावें. येथून फार लांब नसलेल्या वज्रेश्वरी-अकलोलीच्या उन्हाळ्यांविषयीं मात्र एक गैरसमज दूर केला पाहिजे. देवीनें मारलेल्या दैत्यांच्या रक्ताचीं तीं कुंडें, ही आख्यायिका सर्वांस माहीत आहे. पण सुशिक्षित माणसेंहि 'खालीं ज्वालामुखी आहे' असें ठोकून देतात. तसें नाहीं. पावसाचें पाणी खडकांच्या भेगांतून पुष्कळ खोल जातें, तेथील पृथ्वीच्या स्वाभाविक उष्णतेनें तापतें आणि दुसऱ्या भेगेनें वर येतें, इतकेंच. आपल्या देशांतील जागता ज्वालामुखी अंदमानांतील बॅरन बेटावर आहे. दीर्घकाळ निजून तो १९९१ मध्यें पुनः उठला आणि तेव्हांपासून अधूनमधून धुमसत असतो. समुद्रांत अग्नि असावा ह्याचें आमच्या पूर्वजांना आश्चर्य वाटलें नसतें. और्व ऋषीनें आपला क्रोधाग्नि समुद्रांत टाकिला आणि तो घोडीच्या मुखाचा वडवानल झाला, ही महाभारताच्या आदिपर्वांतील कथा आम्हीं त्या रात्रीं सांगितली. ती ऐकतांना मुलें जितकीं गप्प होतीं तितकीं पुढचा चित्रपट पाहतांना राहिलीं नाहींत, हें नमूद करण्याचा मोह आवरत नाहीं.

तो पहिला चित्रपट 'क्राकाटोआ, ईस्ट ऑफ जावा' हा १९६९ सालचा. नांवांतच चूक आहे. क्राकाटोआ जावाच्या पूर्वेस नसून पश्चिमेस, जावा व सुमात्रा यांमधील सामुद्रधुनींत आहे. विद्यार्थ्याच्या वहींत हें आलें असतें तर आम्हीं तांबड्या शाईनें खोडलें असतें; चित्रपटांत तें मथळ्यावर झळकलें. कथानक बुडालेल्या जहाजांतील मोत्यांच्या शोधाचें असून तें इतकें रेंगाळतें कीं निम्मीं मुलें मोतीं मिळण्यापूर्वींच झोंपलीं. प्रत्यक्ष घटना चित्रपटापेक्षां पुष्कळ भयंकर. १८८३ च्या ऑगस्टच्या २६ व २७ तारखांस तो डोंगर फुटला. त्याचा आवाज सुमारें ४,८०० किलोमीटरांवर, हिंदी महासागरांतील रॉड्रिग्ज बेटावर, तोफांच्या आवाजासारखा ऐकूं गेला. म्हणजे मुंबईंतील स्फोट बीजिंगांत ऐकूं यावा तसें झालें. ३६,००० हून अधिक माणसें मेलीं, आणि त्यांतील बहुतेकांना अग्नीनें नव्हे तर उसळलेल्या समुद्रानें गिळलें. हें एवढें मुलांना सांगून चित्रपट वगळला तरी चालेल.

धनत्रयोदशीला 'व्होल्केनो' हा १९९७ सालचा बोलपट लागला. टॉमी ली जोन्स हा त्यांतील नायक. अमेरिकेंतील लॉस एंजेलिस शहराच्या ऐन मध्यावर, डांबराच्या तळ्यांतून शिलारस उफाळतो आणि हमरस्त्यानें वाहत सुटतो. लहानांना हा फार आवडला, आणि खोटें कां बोला, घटकाभर आमचीहि करमणूक झाली. शास्त्र मात्र लंगडें. त्या भागांत भूकवचाचीं दोन खंडें एकमेकांस घासून सरकतात. त्यामुळें धरणीकंप होतात, पण शहराच्या पोटांतून ज्वालामुखी निघण्याजोगी रचना तेथें नाहीं. डांबराचीं तळीं तर जमिनींतील खनिज तेल वर झिरपून झालेलीं आहेत. रस्त्यावर सिमेंटचे ठोकळे रचून शिलारस अडविण्याचा व वरून पाणी टाकून तो थिजविण्याचा प्रसंग आला तेव्हां आमच्या कनिष्ठ बंधूंनीं "कांहींच्या कांहीं!" असा शेरा मारिला.

येथें मात्र आम्हांस चित्रपटाची बाजू घ्यावी लागली. २३ जानेवारी १९७३ च्या मध्यरात्रीनंतर आइसलंडच्या हेमाए ह्या बेटावर गांवाच्या अगदीं कडेला जमीन फाटली आणि आगीचें कारंजें उडूं लागलें. आदल्या दिवशीं वादळ असल्यामुळें मच्छिमारांच्या नौका सुदैवानें बंदरांतच होत्या. सुमारें ५,३०० वस्तीचें तें गांव बहुतेक सगळें त्याच रात्रीं नौकांत बसून निघून गेलें. मागें राहिलेल्यांनीं पुढें कित्येक महिने समुद्राचें पाणी शिलारसावर मारून बंदराचें तोंड वांचविलें. पाचूबंदरच्या होड्या नित्य पाहिलेल्या आमच्या मुलांना हें चित्र चटकन् डोळ्यांपुढें आणतां आलें.

तिसरी रात्र नरकचतुर्दशीची, आणि चित्रपट 'पॉम्पेई', २०१४ सालचा. रोमन मल्ल, श्रीमंताची कन्या, दुष्ट सरदार, असा सगळा ठरीव संसार मांडला असून व्हेसुव्हियस बिचारा आपली पाळी येण्याची वाट पाहत मागें उभा असतो. तलवारबाजी फार आहे; अगदीं लहान मुलांना आम्हीं मध्येंच निजावयास धाडलें. समुद्राची लाट जहाजासकट शहराच्या रस्त्यांत शिरते, हा प्रकार निव्वळ अतिशयोक्तीचा. परंतु पॉम्पेईचें नांव निघालें कीं महाराष्ट्रीय माणसानें कान टवकारावेत असें एक कारण आहे. त्या राखेखालून १९३८ मध्यें हिंदुस्थानी घडणीची एक लहानशी हस्तिदंती स्त्रीमूर्ति निघाली. ती आज नेपल्सच्या संग्रहालयांत आहे. तशाच धाटणीची मूर्ति आपल्या जालना जिल्ह्यांतील भोकरदन येथें सांपडली असल्यामुळें, ती तिकडे घडली असावी असें कांहीं विद्वान मानतात. सातवाहनांच्या काळीं येथून दोन पावलांवरच्या सोपाऱ्याचें बंदर गजबजलेलें होतें, हें ध्यानांत घेतलें म्हणजे पॉम्पेई तितकें परकें वाटत नाहीं. स्फोट इसवी सन ७९ चा. तो २४ ऑगस्टला झाला असें आम्ही शिकलों होतों. पण २०१८ मध्यें तेथील एका भिंतीवर कोळशानें लिहिलेली ओळ सांपडल्यापासून तो ऑक्टोबरांत, म्हणजे आपल्या दिवाळीच्या सुमारास, झाला असावा ह्या मताला बळ आलें आहे.

ह्या चित्रपटापेक्षां त्या प्रसंगाचा साक्षी असलेला धाकटा प्लिनी किती तरी अधिक सांगून जातो. तो तेव्हां सतरा-अठरा वर्षांचा होता. आरमाराचा अधिपति असलेला त्याचा मामा लोकांना सोडविण्यासाठीं नौका घेऊन गेला आणि परत आला नाहीं. प्लिनीनें पुढें टॅसिटस ह्या इतिहासकाराला दोन पत्रांत ही हकीकत कळविली. दुसऱ्या पत्रांत त्याच्या आईचा उल्लेख आहे. राख पडूं लागली तेव्हां ती मुलाला विनवूं लागली कीं तूं तरुण आहेस, तूं पळ; मी वयानें आणि देहानें जड झालें आहें, माझ्यामुळें तुझा जीव जाऊं नये. मुलानें तिला सोडून जाण्याचें नाकारिलें, तिचा हात धरिला आणि तिला चालावयास लाविलें. दोघेंहि वांचलीं. हें सांगतांना आमच्या पुतण्याची कन्या आमच्याकडे जरा टक लावून पाहत होती असें आम्हांस मागाहून आठवलें.

लक्ष्मीपूजनाच्या रात्रीं अर्थातच टीव्ही बंद. पाडव्याला 'डान्टेज पीक'.

हाहि १९९७ सालचाच. दिग्दर्शक रॉजर डोनाल्डसन. पिअर्स ब्रॉस्नन हा ज्वालामुखीशास्त्रज्ञ झाला आहे आणि लिंडा हॅमिल्टन गांवाची नगराध्यक्षा. एकच चित्रपट पाहावयास सवड असेल तर वाचकांनीं हा पाहावा. दहा-बारा वर्षांपुढील मुलांना दाखविण्यास हरकत नाहीं, मात्र उन्हाळ्यांत स्नान करणाऱ्या जोडप्याच्या प्रसंगीं लहानांचे डोळे झांकावेत. ह्यांतहि चुका आहेत. एकाच डोंगरांतून पाण्यासारखा पातळ शिलारस आणि राखेचा प्रचंड लोट असे दोन स्वभाव एकाच दिवशीं दाखविले आहेत. तप्त शिलारसावरून मोटार हांकून नेली आहे. तळें घटकेंत तीव्र आम्लाचें होतें. आम्लाचीं तळीं जगांत आहेत, जावांतील इजेनचें प्रसिद्धच आहे, पण तीं अशीं एका दुपारांत तयार होत नाहींत. तथापि आरंभींचीं लक्षणें फार विश्वासानें टिपलीं आहेत: बारीक भूकंप, मरून पडलेलीं झाडें, नळाला येणारें गढूळ, गंधकाच्या वासाचें पाणी. आणि सगळ्यांत खरी आहे ती गांवच्या पुढाऱ्यांची सभा. उद्योगपति येणार आहे, गांवाचें नांव खराब होईल, अजून थोडी माहिती जमूं द्या, असें म्हणत सगळे सज्जन वेळ घालवितात. आम्हीं शाळेच्या नोकरींत अशा सभा पुष्कळ पाहिल्या आहेत. फरक इतकाच कीं आमच्या डोंगरांतून धूर निघत नव्हता.

ह्या कथेंत रूथ नांवाची एक आजी आहे. डोंगरावर तळ्याकांठीं तिचें घर. सगळे खालीं चला म्हणत असतां ती जात नाहीं; हा डोंगर आपल्याला कधीं इजा करणार नाहीं, असा तिचा भरंवसा. तिला आणण्यासाठीं तिचीं दोन नातवंडें, चोरून गाडी घेऊन, वर जातात. त्यांच्यामागें त्यांची आई आणि तो शास्त्रज्ञ. शिलारस घरांत शिरतो तेव्हां कोठें आजी उठते. तोंवर रस्ता गेलेला असतो. तळ्यांतून होडीनें जातांना आम्लानें होडी झिजूं लागते आणि धक्का जवळ आला असतां ती बुडणार असें दिसतांच आजी पाण्यांत उडी टाकून होडी ओढीत नेते. नातवंडें वांचतात. तिचा अंत त्या डोंगरउतारावरच होतो.

हें कथेंतलें झालें; परंतु १८ मे १९८० रोजीं अमेरिकेंतील सेंट हेलेन्स पर्वत फुटला तेव्हां खरोखरच हॅरी ट्रूमन नांवाचा ८३ वर्षांचा एक म्हातारा तळ्याकांठचें आपलें विश्रामगृह सोडावयास तयार नव्हता. वृत्तपत्रांनीं त्याचें कौतुक केलें, शाळकरी मुलांनीं त्याला पत्रें लिहिलीं. त्याच्यासह ५७ माणसें गेलीं. हें आम्ही सांगावयास लागलों होतों, म्हणजे नित्याप्रमाणें शंकासमाधानाच्या आसनावर बसलों होतों, तोंच ती चौदा वर्षांची मुलगी म्हणाली, "मोठे आजोबा, तुम्हीपण असेच बसला होतात ना? पुराच्या वेळीं?"

कोणी कांहीं बोललें नाहीं. पुतण्या उठून पाणी आणावयास म्हणून आंत गेला.

जे वाचक वसई तालुक्यांत राहतात त्यांना २०१८ चा जुलै आठवत असेल. कोसळणाऱ्या पावसानें वसई-विरारभर पाणी तुंबलें, आगगाड्या थांबल्या, वीज गेली, मिठागरांत कामगारांचीं कुटुंबें अडकून पडलीं. आमचें घर सखल बाजूला आहे. सायंकाळीं पाणी अंगणांत आलें तेव्हांच बंधूंनीं सगळी मंडळी शेजारच्या इमारतींत दुसऱ्या मजल्यावर एका स्नेह्यांकडे हलविली. आम्ही गेलों नाहीं. 'ह्या जोत्यावर चाळीस वर्षांत पाणी चढलेलें नाहीं,' हें आमचें विधान. तें खरें होतें आणि निरुपयोगी होतें. अधिक खरें कारण म्हणजे कपाटांतील ग्रंथ: वडिलांची पोथ्यांची पेटी, आपट्यांचा कोश, सबंध नोकरींतील टिपणवह्या. रूथ ही निदान वृद्धा होती. आम्ही नुकते निवृत्त झालेले, हातीपायीं धड, साठीचे गृहस्थ. सौभाग्यवती जातांना एवढेंच म्हणाल्या, "कोश पोहूं शकतो असें कोठें लिहिलें आहे का?" आम्हीं उत्तर दिलें नाहीं. खाटेवर खुर्ची, खुर्चीवर पेटी, असा मनोरा रचून आम्ही त्याच्या शेजारीं कंदील लावून बसलों, आणि मनांतल्या मनांत आपण कांहीं तरी धीरोदात्त करीत आहों असें समजत होतों, हें आज लिहितांना लाज वाटते.

मध्यरात्रीं पाणी गुडघ्याच्या वर आलें. पुढें कंदील विझला. दोनच्या सुमारास दारांतून हांक आली, "काका, चला." पुतण्या दोरी कमरेला बांधून अंधारांतून आला होता. वाटेंत उघड्या गटारांत त्याचा पाय गेला आणि पत्र्यानें पोटरी चिरली. अकरा टांके पडले, ताप आला, दीड महिना तो लंगडत होता. त्याची मुलगी तेव्हां सात वर्षांची. बाप परत येईपर्यंत ती त्या दुसऱ्या मजल्याच्या खिडकींत उभी होती, हें आम्हांस त्या पाडव्याच्या रात्रीं प्रथमच कळलें.

आम्हीं त्याला बोलाविलें नव्हतें, असें समर्थन आम्हीं ह्या सात वर्षांत मनाशीं अनेकदां केलें आहे. पण ज्याला मागें ठेवून माणसें गेलेलीं असतात त्याला हांक मारावी लागत नाहीं. पुतण्यानें आजवर एका शब्दानें तो विषय काढिला नाहीं. भावजयीनें, म्हणजे त्याच्या आईनें, नाहीं. घरांतील वडीलधाऱ्या माणसाला धाकट्यांनीं बोलूं नये, ही शिकवण आम्हींच ह्या घरांत दिली; तिचें फळ असें कीं आम्हांस कोणी बोललेंच नाहीं. त्या रात्रीं आम्ही बराच वेळ ओसरीवर बसलों होतों. बाहेर पाडव्याच्या पणत्या विझत आल्या होत्या. पुतण्या येऊन शेजारीं बसला. आमच्या तोंडून "तुझा पाय आतां कसा आहे?" इतकेंच निघालें. सात वर्षांनीं विचारिलेला तो प्रश्न ऐकून तो हंसला आणि म्हणाला, "पावसाळ्यांत थोडा ठणकतो, काका." मग आम्हीं जें सांगावयाचें तें सांगितलें. तें येथें लिहिण्याचें कारण नाहीं.

भाऊबीजेला शेवटचा चित्रपट, 'फायर ऑफ लव्ह', २०२२ सालचा. ही रचलेली कथा नव्हे. कातिया आणि मॉरिस क्राफ्ट ह्या फ्रेंच दांपत्यानें जन्मभर ज्वालामुखींच्या तोंडाशीं उभें राहून जीं चित्रें घेतलीं त्यांवरून सारा डोसा ह्या दिग्दर्शिकेनें तो जुळविला आहे. चित्रें अद्भुत आहेत. पण आमच्या घरीं सगळे थबकले ते कोलंबियांतील आर्मेरो गांवापाशीं. १३ नोव्हेंबर १९८५ च्या रात्रीं नेवाडो देल रुइस हा बर्फाच्छादित डोंगर फुटला, बर्फ वितळलें, आणि चिखलाचा लोट नदीच्या पात्रानें खालीं आला. तो आर्मेरोस पोंचावयास दोन तासांहून अधिक वेळ लागला. धोक्याचा नकाशा महिनाभर आधींच तयार होता. सुमारें २३,००० माणसें त्या चिखलांत गेलीं. पायीं चालून जवळच्या उंचवट्यावर जाण्याइतका अवधि असूनहि.

क्राफ्ट दांपत्याला ह्या घटनेनें फार हलविलें. त्यानंतर ज्वालामुखीचे धोके लोकांना समजावे म्हणून मॉरिसनें चित्रफिती तयार करण्याचें काम अंगावर घेतलें. १९९१ मध्यें फिलिपाइन्समधील पिनातुबो धुमसूं लागला तेव्हां तेथील अधिकाऱ्यांना आणि लोकांना त्याचीच फीत दाखविण्यांत आली. शास्त्रज्ञांच्या बोलण्यानें जें पटत नव्हतें तें ती पाहून पटलें आणि हजारों माणसें वेळेवर हललीं. १५ जूनला पिनातुबो फुटला. तो विसाव्या शतकांतील अत्यंत मोठ्या स्फोटांपैकीं एक. हें पाहावयास क्राफ्ट दांपत्य नव्हतें. त्याच महिन्याच्या ३ तारखेस जपानांतील उन्झेन डोंगरावर तप्त राखेच्या लोटांत तीं दोघें आणि इतर एकेचाळीस माणसें मेलीं होतीं. चित्रपटांनीं मुलें बिघडतात, असें आम्हीं वर्गांत वर्षानुवर्षें सांगत आलों; एका चित्रफितीनें गांवेंच्या गांवें उठविलीं, हें कळल्यावर त्या विधानांत थोडी दुरुस्ती करावी लागत आहे.

दुसऱ्या दिवशीं मुलांनीं अंगणांतील ज्वालामुखी मोडिला. महाराज तुळशीच्या कट्ट्यावरून घरांत आले, सोड्याची रिकामी डबी स्वयंपाकघरांत परत गेली, आणि त्यावरून जें व्हावयाचें तें झालें. पोथ्यांची पेटी व कोश पुतण्यानें माळ्यावर चढविले. शिडी धरावयास आम्ही होतों. सायंकाळीं त्याच्या कन्येनें वहीच्या कागदावर एक यादी करून ती दाराच्या आंतल्या बाजूस चिकटविली. पाणी अंगणाच्या तिसऱ्या पायरीला लागलें कीं घर सोडावयाचें. कोणीं कोणाचा हात धरावयाचा. विजेरी, औषधें, कागदपत्रें कोठें आहेत. आणि सर्वांत आधीं कोणीं बाहेर पडावयाचें. तेथें पहिलें नांव 'मोठे आजोबा' असें होतें, आणि त्याखालीं दोन रेघा मारिलेल्या. यादींत ऱ्हस्वदीर्घाच्या तीन चुका होत्या. त्या आम्हीं तांबड्या शाईनें दुरुस्त केल्या आणि खालीं सही केली.